रॉकेलचा वास राखणारा दगड

पुण्यातील जुन्या वाड्यांच्या जोत्याला बसवलेला काळा दगड तिरप्या उन्हात जवळून पाहिला, तर काही घडीव दगडांत मोहरीपासून हरभऱ्यापर्यंतच्या आकाराचे पांढरे ठिपके दिसतात. येणारे-जाणारे त्यांना चुन्याचे डाग समजतात, पण त्या भरून आलेल्या पोकळ्या असतात. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी दख्खनवर लाव्ह्याचे थरावर थर पसरले, तेव्हा आत कोंडलेले वायूचे बुडबुडे निसटण्याआधीच लाव्हा थिजला आणि दगडात असंख्य पोकळ्या राहून गेल्या. पुढे खडकातून झिरपणाऱ्या गरम पाण्याने आपल्याबरोबर विरघळवून आणलेले द्रव्य त्या पोकळ्यांत सोडले आणि तेथे झिओलाइट, कॅल्साइट, गारगोटी ही खनिजे सावकाश वाढत गेली. वाघोलीच्या खाणींतील गर्द निळा कॅव्हान्साइट, जळगावकडील ॲपोफायलाइट आणि नाशिककडील बारीक सुयांच्या झुबक्यांनी वाढणारा स्कोलेसाइट यांच्यासाठी परदेशांतील संग्राहक आपल्या खाणींकडे डोळे लावून बसलेले असतात. सिन्नरच्या गारगोटी संग्रहालयात हे सगळे एका छपराखाली पाहता येते. ज्यांनी ते पाहिले नसेल, त्यांनी शिर्डीला जाता-येता तासभर वाकडी वाट करावी.

या खनिजांच्या कुळात आणखी एका खनिजाची भर घालण्याचा छंद मला पुष्कळ वर्षे जडलेला आहे. हे खनिज कोठेही सापडत नाही. आजूबाजूला जे घडते त्याचा वास, आवाज, ऊब आणि उजेड ते आपल्यात साठवून ठेवते आणि पुढे कोणी मागितल्यास परत करते, एवढीच त्याची कल्पना. मी त्याला संवेदाइट म्हणते. या खेळात मी स्वतःला एक अट घातली आहे, ती अशी की जादूटोण्याचा आधार घ्यायचा नाही. संवेदाइटचा प्रत्येक गुण कोणत्या ना कोणत्या खऱ्या खनिजाकडून उसना आणलेला असला पाहिजे. (हल्ली आपल्याच खाणींतील स्कोलेसाइट आणि ॲपोफायलाइट ‘ऊर्जा देणारे स्फटिक’ म्हणून भरमसाट किमतीला विकले जातात. त्या दुकानदारीशी या लेखाचा काही संबंध नाही, हे आधीच सांगून टाकलेले बरे.) अट पाळायची म्हटल्यावर खनिज हळूहळू माझ्या हातून सुटले आणि आपल्याच स्वभावाप्रमाणे वागू लागले. त्याचा हा स्वभाव मला आता मूळ कल्पनेहून अधिक गुंतवून ठेवतो.

वासाचा प्रश्न वरवर पाहता सर्वांत सोपा वाटतो, कारण झिओलाइटांचा जन्मच जणू त्यासाठी झालेला आहे. ॲल्युमिनियम, सिलिकॉन आणि ऑक्सिजन यांच्या अणूंचे हे जाळीदार सांगाडे असतात आणि त्यांतून काही अँगस्ट्रॉम रुंदीचे बोगदे गेलेले असतात. अँगस्ट्रॉम म्हणजे मिलिमीटरचा एक कोट्यंश. या बोगद्यांत पाणी मुरलेले असते. दगड तापवला की पाणी निघून जाते, पण सांगाडा कोसळत नाही आणि थंड झाल्यावर पाणी पुन्हा आत येते. १७५६ मध्ये स्वीडनच्या अक्सेल क्रोनस्टेट याने फुंकनळीच्या ज्योतीत असा दगड धरला, तेव्हा तो खदखदून फेसाळलेला त्याने पाहिला आणि खनिजांच्या या कुळाची ओळख जगाला झाली. पाणी निघून गेलेल्या रिकाम्या बोगद्यांत दुसरे रेणूही शिरतात, परंतु त्यांना निवडून घेतले जाते. २०२१ च्या करोनाच्या लाटेत घरोघरी भाड्याने आणलेल्या ऑक्सिजन कॉन्सन्ट्रेटरच्या पोटात कृत्रिम झिओलाइटचेच दाणे होते आणि हवेतील नायट्रोजन धरून ठेवून ऑक्सिजन पुढे सोडण्याचे काम ते करत होते.

म्हणजे संवेदाइट वास धरील, पण जसाच्या तसा धरणार नाही. सुमारे ५ अँगस्ट्रॉम रुंदीचे बोगदे असलेल्या कृत्रिम झिओलाइटमधून रॉकेल जाऊ दिले, तर त्यातील सरळ साखळीचे रेणू बोगद्यांत शिरतात आणि फांद्या फुटलेले किंवा कड्यांचे रेणू बाहेरच राहतात. धुण्याच्या पावडरींना लागणाऱ्या कच्च्या मालासाठी कारखान्यांत रॉकेलमधून सरळ साखळीची पॅराफिने याच रीतीने वेगळी काढतात. माझ्या खनिजाने रॉकेलचा वास साठवला, तर तो असा चाळणीतून गाळलेला वास असेल. नाकाला तो ओळखू येईल, पण काहीतरी कमी आहे असे वाटत राहील. शिवाय नैसर्गिक झिओलाइटांना पाण्याची ओढ इतकी असते की दमट हवेत बोगदे पाण्यानेच भरून जावेत आणि रॉकेलला जागा उरू नये. येथे मात्र मला कल्पनेची सूट घ्यावी लागते आणि संवेदाइटच्या निम्म्या बोगद्यांना पाणी आवडत नाही, असे धरून चालावे लागते.

रॉकेल मी उगाच निवडलेले नाही. आमच्या काकांचा पेठेतील एका वाड्यात तळमजल्यावर छापखाना होता. खिळ्यांची, म्हणजे शिशाच्या सुट्या अक्षरांची, जुळणी आणि पायाने चालवायचे छपाईयंत्र, म्हणजे ट्रेडल, एवढाच त्याचा पसारा. लग्नपत्रिका, पावतीपुस्तके, शाळांच्या प्रश्नपत्रिका आणि दिवाळीच्या सुमारास एखादे पंचांग अशी कामे तेथे चालत. देवनागरीत जोडाक्षरे असल्यामुळे खिळे ठेवायच्या पेटीला, म्हणजे केसला, इंग्रजीपेक्षा कितीतरी अधिक खण लागत आणि कोणता खिळा कोणत्या खणात हे खिळे जुळवणाऱ्या कंपोझिटरच्या हाताला पाठ असे. छपाई झाली की फर्मा, म्हणजे जुळलेल्या खिळ्यांची चौकट, रॉकेलने धुऊन काढत, खिळे सुटे करत आणि ज्याच्या त्याच्या खणात टाकत. शाळा सुटल्यावर हे शेवटचे काम माझ्याकडे असे. बोटांना शाई, रॉकेल आणि शिसे यांचा मिळून एक वास येई आणि तो साबणाने जात नसे. आई जेवायला वाढताना माझे हात हुंगून पाही.

त्या वाड्याच्या जोत्याच्या दगडांत ते पांढरे ठिपके होते आणि ट्रेडलचे पाय त्या जोत्यावर भरलेल्या फरशीत रोवलेले होते. संवेदाइट जर कोठे असेल, तर मी ते तेथेच ठेवीन.

आवाज आणि स्पर्श यांच्यासाठीही आपल्या दगडांत सोय आहे. १८८० मध्ये पिएर आणि झाक क्यूरी या भावांनी दाखवून दिले की क्वार्ट्‌झसारख्या काही स्फटिकांवर दाब दिला तर त्यांच्या पृष्ठभागावर विद्युतभार निर्माण होतो. स्कोलेसाइट याच जातीचा आहे. दाबाने आणि तापमानाच्या बदलानेही त्यावर भार येतो. ट्रेडलचा प्रत्येक दणका जोत्यातून आत गेला की ठिपक्यातील स्फटिकावर क्षणभर किंचित भार येईल, एवढे म्हणायला काही हरकत नाही. अडचण अशी की तो भार टिकत नाही. तो टिकवायचा तर सापळे हवेत आणि ते क्वार्ट्‌झ व फेल्डस्पार यांच्याकडे आहेत. स्फटिकाच्या जालकात, म्हणजे अणूंच्या शिस्तशीर मांडणीत, जागोजाग दोष असतात. मातीतील किरणोत्सर्गी द्रव्याच्या प्रारणाने सुटे झालेले इलेक्ट्रॉन त्या दोषांत अडकतात आणि दगड अंधारात असेल तर हजारो वर्षे तेथेच राहतात. वाळूचा कण शेवटचा कधी उन्हात होता, हे या अडकलेल्या इलेक्ट्रॉनांवरून काढता येते. अहमदाबादच्या भौतिकी अनुसंधान प्रयोगशाळेत हे काम पुष्कळ वर्षे चालत आले आहे. त्यासाठी नदीकाठच्या दरडीत नळी ठोकून वाळू काढतात, नळीची तोंडे उजेड न लागता बंद करतात आणि प्रयोगशाळेत मंद तांबड्या दिव्याखाली ती उघडतात. कारण थोडा वेळ जरी ऊन लागले, तरी सापळे रिकामे होतात.

आता क्रमाचा प्रश्न येतो. एकाच स्फटिकात सगळे साठत गेले, तर सगळे एकमेकांत मिसळेल आणि पेशवाईतील पालखी व काकांचे ट्रेडल यांत फरक उरणार नाही. काळ वेगळा ठेवायचा असेल, तर खनिज वाढत राहिले पाहिजे आणि थर टाकत राहिले पाहिजे. आपले झिओलाइट केव्हाच वाढायचे थांबले आहेत. म्हणून संवेदाइटला हा गुण गुहांतील चुनखडीच्या स्तंभांकडून घ्यावा लागतो. मेघालयातील मावम्लुह गुहेतील असाच एक स्तंभ जगप्रसिद्ध आहे. त्याच्या थरांतील ऑक्सिजनच्या समस्थानिकांवरून सुमारे ४,२०० वर्षांपूर्वी पाऊस मोठ्या प्रमाणावर घटल्याचे दिसले आणि त्या क्षणापासून सुरू होणाऱ्या भूवैज्ञानिक कालखंडाला २०१८ मध्ये मेघालयाचे नाव मिळाले. हे थर झिरपणाऱ्या पाण्याने घडतात. संवेदाइटही पाण्यानेच वाढायचा. पुण्यात पाणी झिरपते ते जूनपासून ऑक्टोबरपर्यंत. याचा अर्थ हे खनिज केवळ पावसाळ्यात जागे असणार आणि उरलेले सात महिने त्याला काही कळणार नाही.

हे लक्षात आले तेव्हा मला छापखाना वेगळाच दिसू लागला. पावसाळ्यात कागद सर्द होऊन फुगे, त्याच्या कडा वळत आणि दोन रंगांचे काम असेल तर दुसरा रंग पहिल्यावर नीट बसत नसे. सरस आणि ग्लिसरीन यांचे ओतीव रोलर दमट हवेत मऊ पडत आणि त्यांवर बोट टेकले तर बोटाची खूण राहत असे. काका मग रोलरांवर हलक्या हाताने शंखजिरे फिरवत आणि हवेला उद्देशून काहीबाही बोलत. उन्हाळ्यातील लग्नपत्रिकांची धांदल, चैत्रात रात्री उशिरापर्यंत चालणारे ट्रेडल आणि रसवंतीवरून कोणी तरी आणलेला उसाचा रस यांतील काहीही संवेदाइटला ठाऊक असणार नाही. त्याचा छापखाना कायम ओला आहे.

याहून मोठी गोष्ट पुढे आहे. एका पावसाळ्याचा एक थर, तोही केसाच्या जाडीहून पातळ. त्या थरात ट्रेडलचे लक्षावधी दणके दाबून बसवायचे म्हटल्यावर एकेक दणका वेगळा राहणे शक्य नाही. राहील ती त्यांची सरासरी. जे रोज घडत होते ते एकावर एक साचून ठळक होईल आणि जे एकदाच घडले ते त्या साच्यात विरून जाईल. काकांनी एका संध्याकाळी मला हातात जुळणीची स्टिक, म्हणजे खिळ्यांची ओळ रचायची पट्टी, देऊन म्हटले होते, “उलटी ओळ डोळ्यांनी वाचू नकोस, बोटाने वाच.” हे वाक्य त्यांनी एकदाच उच्चारले. संवेदाइटच्या हिशेबी ते घडलेच नाही. याउलट त्यांचे खोकणे, खिळे स्टिकमध्ये पडताना होणारा बारीक टिकटिकाट, फर्मा धुताना उडणारे रॉकेल, शेजारच्या पिठाच्या गिरणीची घरघर, हे सगळे थरांत पक्के बसलेले असेल.

आपले डोके नेमके उलट वागते. मला ते वाक्य आठवते, त्या वेळी दिवे गेले होते हेही आठवते. परंतु ट्रेडलचा रोजचा आवाज कसा होता, तो कोणत्या पट्टीत होता, दोन दणक्यांमध्ये किती अंतर असे, हे कितीही आठवू पाहिले तरी हाती लागत नाही. वर्षानुवर्षे कानांवर पडलेली गोष्ट सवयीची झाली म्हणून मनाने टिपलीच नाही. शिवाय जे टिपले, तेही जसेच्या तसे राहिलेले नाही. २००० साली न्यूयॉर्कमधील संशोधकांनी उंदरांवर केलेल्या प्रयोगांत असे आढळले की पक्की झालेली भीतीची आठवण पुन्हा जागी केली, की ती काही काळ कच्ची होते आणि तिला नव्याने पक्के व्हावे लागते. त्या अवधीत मेंदूतील प्रथिनांची निर्मिती रोखली तर ती आठवण पुसट होते. काकांचे ते वाक्य मी आजवर इतक्या वेळा सांगितले आहे की त्यातील शब्द त्यांचे किती आणि माझे किती, हे आता मला सांगता येणार नाही. संवेदाइट प्रसंग टाकून सवयी राखतो आणि मी सवयी टाकून प्रसंग राखते. दोघांची वही एकत्र करता आली असती, तर छापखाना बऱ्यापैकी पुरा झाला असता.

ती एकत्र करण्याच्या आड वाचनाचा नियम येतो. वाळूच्या कणातील इलेक्ट्रॉन मोजायचे, तर त्यांना सापळ्यांतून बाहेर काढावे लागते; बाहेर पडताना ते किंचित प्रकाश देतात आणि तो प्रकाश हेच मोजमाप असते. मोजून झाले की कण रिकामा. झिओलाइटमधील वास हुंगायचा, तर दगड तापवून रेणू हवेत सोडावे लागतात. दख्खनच्या बेसॉल्टमध्ये गोठलेल्या चुंबकत्वाची गोष्टही फारशी वेगळी नाही. लाव्हा थंड होताना त्यातील चुंबकीय खनिजांनी त्या वेळच्या पृथ्वीच्या क्षेत्राची दिशा पकडून ठेवली. ती वाचूनच कळले की आपला भूभाग तेव्हा विषुववृत्ताच्या दक्षिणेस, सुमारे ३० अक्षांशांवर होता. परंतु ती मूळ दिशा गाठायची, तर नमुना पायरीपायरीने तापवून किंवा उलटसुलट चुंबकीय क्षेत्रात फिरवून नंतर चढलेले चुंबकत्व पुसत जावे लागते. दगडाच्या दुनियेत फुकट वाचन नाही. संवेदाइटचा थर एकदाच वाचता येईल आणि वाचणाराही एकच असेल.

वाचायचे कसे, याचे उत्तर मला रसायनशास्त्रज्ञ रॉबर्ट बॉइल याच्याकडे सापडले. अंधारात चमकणारा एक हिरा त्याच्या हाती आला होता आणि १६६३ मध्ये त्याने लिहून ठेवले आहे की तो हिरा अंथरुणात घेऊन उघड्या अंगाच्या उबदार भागाला बराच वेळ लावून ठेवला, तेव्हाही त्यातून मंद प्रकाश दिसला. प्रयोगशाळेतील भट्टीपेक्षा मला ही रीत पसंत आहे. संवेदाइटला अंगाची ऊब पुरेशी असावी. अंधाऱ्या खोलीत तो तळहातावर घट्ट धरून बसावे, वरचा थर आधी सुटावा, मग त्याखालचा. म्हणजे छापखाना उलट्या क्रमाने येईल. आधी कुलूप लागलेल्या खोलीची ओल, मग ऑफसेट छपाई आल्यानंतरचे मंदावलेले दणके आणि त्यानंतर भर कामाचे दिवस.

वाडा पाडला गेला, तेव्हा जोत्याचे दगड कोणत्या तरी ठेकेदाराच्या ट्रकमधून गेले. जुन्या घडीव दगडाला बंगल्यांच्या कुंपणासाठी बरी मागणी असते, त्यामुळे ते कोठे तरी भिंतीत बसलेले असतील. त्यांतील एक ठिपका माझ्या हाती आला असता, तर तो वाचण्याचा हक्क कोणाचा, या प्रश्नाशी मी बराच काळ झुंजले आहे. पुरातत्त्वाचे लोक उत्खननात काही भाग मुद्दाम न खणता ठेवतात, पुढच्या पिढीची साधने अधिक चांगली असतील म्हणून. तो विवेक मला पटतो, पण घरच्या दगडाच्या बाबतीत तो पेलत नाही. न वाचता ठेवलेला ठिपका हा माझ्या लेखी नुसता ठिपका आहे. तसे लक्षावधी ठिपके शहरभर पायांखाली आहेत.

मी स्वतः वाचावा, तर मला बहुधा धक्का बसेल. माझ्या मनातील ट्रेडलला लय आहे आणि दगडातील ट्रेडल नुसते घरघरत असेल. काकांच्या कंपोझिटरांपैकी कोणी आता हयात नाही. राहता राहिली माझी भाची. ती संगणकावर देवनागरी फाँट घडवते, जोडाक्षरांच्या जोडणीवरून सहकाऱ्यांशी हमरीतुमरीवर येते आणि एका अक्षराच्या कान्यासाठी आठवडा घालवते. काकांच्या छापखान्याचा वारसा कोणाकडे गेला असेल तर तिच्याकडेच, आणि तिने तो छापखाना एकदाही पाहिलेला नाही. ठिपका मी तिला देईन. तिच्या हातात तो उलगडू लागला की टिकटिकाट खिळ्यांचा, घरघर गिरणीची, मधला कोरडा खाकरा तुझ्या पणजोबांच्या धाकट्या मुलाचा, असे शेजारी बसून सांगावे लागेल. कारण दगड नावे सांगत नाही.

हे सगळे मी तिला एकदा फोनवर ऐकवले. तिने शांतपणे ऐकून घेतले आणि विचारले, “मावशी, पण रॉकेलचा वास असतो कसा?” तिने तो कधी घेतलेलाच नाही. तिच्या जन्मापासून घरात गॅस आहे आणि आमच्या भागातील रेशनच्या दुकानात रॉकेल मिळेनासे होऊन बरीच वर्षे झाली. तेव्हा संवेदाइट सापडण्याच्या आधी कोठून तरी पाव लिटर रॉकेल मिळवून बाटलीत भरून ठेवणे भाग आहे, नाही तर त्या गाळलेल्या वासात काय कमी आहे ते तिला कळणार नाही. कोणाकडे असल्यास कळवावे.